प्रोफेसर केळफा

‘फाळके’ हे आडनाव उलटे वाचले की ‘केळफा’ होते. धुंडिराज गोविंद फाळके, म्हणजे पुढे भारतीय चित्रपटाचे जनक म्हणून ओळखले गेलेले दादासाहेब फाळके, जादूगार म्हणून रंगमंचावर उभे राहिले तेव्हा त्यांनी हेच नाव घेतले आणि त्याच्या आधी ‘प्रोफेसर’ लावले. त्या काळी घोडे शिकवणारा, तारेवर चालणारा, पत्त्यांचे खेळ करणारा असा प्रत्येक जण प्रोफेसर असे. सर्कसवाले विष्णुपंत छत्रेही ‘प्रोफेसर छत्रे’च होते. फाळक्यांच्या घरात खरे अध्यापक होते ते त्यांचे वडील. दाजीशास्त्री फाळके हे संस्कृतचे पंडित मुंबईच्या विल्सन कॉलेजात शिकवत. मुलाने तीच पदवी जादूच्या टेबलामागे उभे राहून मिरवली.

फाळक्यांचे चरित्र सांगताना जादूगारीचा हा भाग बहुधा एका वाक्यात उरकला जातो. चित्रकार, छायाचित्रकार, छपाईतज्ज्ञ अशा यादीत ‘जादूगार’ हा शब्द शेवटी, एखाद्या छंदासारखा येतो. पण त्यांचे चित्रपट आणि ते करण्याची रीत पाहिली तर या यादीत सर्वांत उपयोगी पडलेली विद्या तीच होती, असे म्हणावे लागते.

धुंडिराजांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी नाशिक जिल्ह्यातील त्र्यंबकेश्वर येथे झाला. घराणे शास्त्री-भिक्षुकांचे होते आणि मुलानेही तेच करावे अशी अपेक्षा होती. मुलाचा ओढा मात्र चित्रांकडे, नाटकाकडे आणि हातचलाखीच्या खेळांकडे होता. वडिलांच्या नोकरीमुळे कुटुंब मुंबईला आले आणि १८८५ मध्ये धुंडिराजांनी जे. जे. कलाशाळेत प्रवेश घेतला. तेथून ते थोरल्या भावाबरोबर बडोद्याला गेले. बडोद्याला सयाजीराव गायकवाडांच्या आश्रयाने कलाभवन ही संस्था निघाली होती आणि रसायनशास्त्रज्ञ त्रिभुवनदास गज्जर तिचे प्रमुख होते. चित्रकला, मूर्तिकाम, छायाचित्रण आणि छपाईचे ठसे करण्याची कला, एवढ्या गोष्टी एकाच जागी शिकता येतील अशी दुसरी संस्था तेव्हा जवळपास नव्हती. फाळक्यांनी यातले काहीच सोडले नाही.

शिक्षणानंतर त्यांनी गोध्र्याला छायाचित्राचे दुकान थाटले. प्लेगने त्यांची पहिली पत्नी आणि मूल हिरावून नेले. ते बडोद्याला परतले, तर तेथे धंदा चालेना. फोटो काढला की माणसाचे आयुष्य कमी होते, अशी समजूत लोकांत पसरलेली होती. मग नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवायचे काम आले. पडदा रंगवताना प्रेक्षक कोठे बसणार, उजेड कोठून पडणार, कोणती रेघ दुरून दिसेल आणि कोणती दिसणार नाही, हे बघावे लागते. जादूगाराला नेमके हेच कळावे लागते. याच दिवसांत, १९०१ च्या सुमारास, बडोद्याला आलेल्या एका जर्मन जादूगाराकडून फाळके रंगमंचावरची जादू शिकले.

हा जादूगार म्हणजे कार्ल हर्ट्झ, असे काही लेखकांनी लिहिले आहे. नाव मोहात पाडणारे आहे खरे, कारण हर्ट्झ जगभर फिरला होता आणि १८९६ पासून तो आपल्या जादूच्या कार्यक्रमात चलत्चित्रेही दाखवत असे. एकाच गुरूने जादू आणि सिनेमा दोन्ही दाखवले, ही कथा फार सुबक होते. पण हर्ट्झ जर्मन नव्हता. तो सॅन फ्रान्सिस्कोचा अमेरिकन. नाव तेवढे जर्मन वळणाचे. तेव्हा ही सुबक कथा बाजूला ठेवलेलीच बरी.

जादू आपल्याकडे नवी नव्हती. गारुडी, डोंबारी आणि मदारी गावोगाव खेळ करत. नाशिक जिल्ह्यातल्या चांदवडच्या रेणुकामातेच्या यात्रेसारख्या ठिकाणी डमरूचा आवाज आला की रिंगण पडलेच. गारुडी भुईवर बसून खेळ करतो, लोक चहूबाजूंनी उभे असतात आणि त्याची सारी सामग्री एका झोळीत मावते. युरोपातून आलेल्या रंगमंचीय जादूची तऱ्हा वेगळी होती. तिला पडदा लागे, दिव्यांची मांडणी लागे, चोरकप्पे असलेली टेबले आणि काळे मखमली कापड लागे. प्रेक्षक फक्त समोर बसत, त्यामुळे मागचे आणि बाजूचे जग जादूगाराच्या ताब्यात राही. अंगात काळा कोट, बोलण्यात सफाई आणि तिकीट लावून खेळ, हा या व्यवसायाचा थाट होता. फाळक्यांनी शिकली ती ही जादू.

या रंगमंचीय जादूला त्याच सुमारास आणखी एक फांदी फुटली होती, बंधनातून सुटून दाखवण्याची. तिचा सर्वांत मोठा कलावंत हॅरी हुडिनी फाळक्यांहून चार वर्षांनी लहान होता. त्याचा जन्म २४ मार्च १८७४ रोजी बुडापेस्टमध्ये झाला. खरे नाव एरिक वाइस. ‘हुडिनी’ हे नाव त्याने रॉबेर-उदाँ या फ्रेंच जादूगाराच्या नावावरून घेतले. बेड्या, साखळदंड, वेड्यांना घालत ती लांब बाह्यांची, आवळपट्ट्यांची बंडी, पाण्याने भरलेला दुधाचा मोठा कॅन, यांतून तो सुटून दाखवी. १९१२ मध्ये बर्लिनला त्याने काचेच्या पाणपेटीत पाय वर टांगून घेऊन बाहेर येण्याचा खेळ सुरू केला. कुलुपांचा अभ्यास, लपवलेली किल्ली किंवा तार आणि कमावलेले शरीर, एवढ्यावर हे चाले. दोरीने बांधून घेताना तो छाती फुगवी, खांदे ताणून धरी. लोक आवळून बांधत. मग तो श्वास सोडी आणि अंग आकसून घेई, की दोर सैल पडे.

मराठी श्रोत्याला ही युक्ती ऐकून नवल वाटायचे कारण नाही. अशोकवनात मारुतीला बांधून रावणापुढे नेतात, शेपटीला आग लावतात, तेव्हा तो आपले शरीर एकदम लहान करतो आणि पाश गळून पडतात. पुढच्या क्षणी तो पुन्हा पर्वताएवढा. वसुदेवाच्या पायातल्या बेड्या आपोआप निखळतात आणि कंसाच्या बंदिशाळेची दारे उघडतात, ही कथा तर दर गोकुळाष्टमीला सांगितली जाते. बंगालमध्ये गणपती चक्रवर्ती हे जादूगार सर्कशीत पेटीतून सुटण्याचे खेळ करत असत. महाराष्ट्रात मात्र सुटकेच्या या कथा आधी कीर्तनात होत्या आणि नंतर, फाळक्यांच्याच हातून, पडद्यावर आल्या.

फाळके पूर्णवेळ जादूगार झाले नाहीत. १९०२ मध्ये त्यांचा दुसरा विवाह झाला. पत्नीचे सासरचे नाव सरस्वतीबाई. त्यानंतर त्यांनी पुराणवस्तू खात्यात नोकरी केली. ती सोडून लोणावळ्याला छापखाना काढला, राजा रवि वर्म्यांच्या चित्रांच्या छपाईत काम केले आणि नवी यंत्रे पाहण्यासाठी १९०९ मध्ये जर्मनीला जाऊन आले. पुढे भागीदारांशी पटेना म्हणून चालता धंदाही सोडला. ही वर्षे गडबडीत संपतात. चाळिशी ओलांडलेला, हातात काम नसलेला माणूस १९११ च्या एप्रिलमध्ये ईस्टरच्या सुमारास मुंबईत गिरगावच्या तंबूत ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहतो आणि पडद्यावर त्याला राम-कृष्ण दिसू लागतात, हा प्रसंग त्यांनी स्वतःच पुढे ‘नवयुग’ मासिकात लिहून ठेवला आहे.

त्यानंतरचे महिने त्यांनी सिनेमाचे गुपित उकलण्यात घातले. मिळतील तितके खेळ पाहिले, खेळण्यातला एक कॅमेरा आणून रात्री मेणबत्तीच्या उजेडात भिंगातून भिंतीवर चित्रे पाडली. दुसऱ्याचा खेळ पाहून आलेला जादूगार असेच करतो. प्रेक्षक काय दिसले ते आठवतो आणि जादूगार काय दिसले नाही ते शोधतो. या जागरणांनी डोळे इतके बिघडले की काही काळ त्यांना दिसेनासे झाले. उपचाराने आणि चष्म्याने दृष्टी परत आली. १९१२ च्या फेब्रुवारीत विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून ते लंडनला गेले. ‘बायोस्कोप’ या साप्ताहिकाचे संपादक कॅबर्न यांनी आधी त्यांना या फंदात पडू नका म्हणून सांगितले आणि मग चित्रपट-निर्माते सेसिल हेपवर्थ यांच्याशी गाठ घालून दिली. फाळके १ एप्रिलला मुंबईत परतले. पाठोपाठ विल्यमसन कंपनीचा कॅमेरा, छिद्रे पाडण्याचे यंत्र आणि कच्ची फिल्म आली.

चित्रपटाला भांडवल देणारा कोणी मिळेना. तेव्हा फाळक्यांनी भांडवलदारांना पटवण्यासाठी एक लहानसा चित्रपट केला, ‘अंकुराची वाढ’. कुंडीत वाटाण्याचे बी पेरले, कॅमेरा समोर पक्का बसवला आणि महिनाभराहून अधिक काळ रोज एक चौकट टिपत गेले. पडद्यावर बी फुटले, कोंब वर आला, वेल वळवळत चढली, हे सगळे पाहता पाहता.

गारुड्याच्या खेळातली सर्वांत नावाजलेली जादू म्हणजे आंब्याची. तो मातीच्या ढेकळात कोय पुरतो, वर टोपली किंवा फडके टाकतो, पाणी शिंपडतो, मंत्र पुटपुटतो. पहिल्यांदा फडके उचलले तर कोंब, दुसऱ्यांदा रोप, तिसऱ्यांदा पानांनी भरलेली फांदी. प्रत्येक वेळी फडक्याआड अदलाबदल झालेली असते. गर्दीचे लक्ष त्या वेळी डमरूकडे, नाहीतर पोराच्या कोलांटीकडे असते. ‘अंकुराची वाढ’ हा नेमका तोच खेळ आहे. कॅमेऱ्याची झडप दोन चौकटींच्या मध्ये बंद असते, तेच येथले फडके. फरक एवढाच की गारुडी फडक्याआड फांदी बदलतो आणि फाळक्यांनी फडक्याआड चोवीस तास जाऊ दिले. यात रोप खरोखर वाढत होते. पैसा मिळाला तो हे पाहून, हे लक्षात घेतले तर भारतीय चित्रपटाचे पहिले भांडवल आंब्याच्या जादूने उभे केले, असे म्हणायला हरकत नसावी.

‘राजा हरिश्चंद्र’ दादरच्या बंगल्यात तयार झाला. कच्च्या फिल्मच्या कडेला छिद्रे नसत. ती अंधारात एकेक करून पाडावी लागत आणि हे काम सरस्वतीबाई घरातल्या इतर कामांनंतर रात्री करत. तारामतीच्या भूमिकेला बाई मिळेना म्हणून अण्णा साळुंके हा तरुण उभा राहिला. चित्रपट ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये लोकांसाठी लागला. त्या कार्यक्रमात चित्रपटाबरोबर एका गोऱ्या बाईचे नृत्य, विनोदी नकला आणि पायांनी वस्तू झेलणाऱ्या अलेक्झांडर नावाच्या कसरतपटूचा खेळ असे. म्हणजे केळफा निराळ्या वाटेने पुन्हा आपल्याच माणसांत येऊन पोचले होते.

चित्रपटात विश्वामित्राच्या यज्ञात ज्वाळांतून शक्ती प्रकटतात, शेवटी शंकर अवतरतो आणि अदृश्य होतो. हे करण्याची मूळ युक्ती फार साधी आहे. कॅमेरा फिरवणे थांबवायचे. बाकीच्या नटांनी जागच्या जागी, हात आहे तसा ठेवून थिजायचे. शंकराने चौकटीत येऊन उभे राहायचे. पुन्हा कॅमेरा फिरवायचा. पडद्यावर मधला वेळ नाहीसा होतो आणि देव हवेतून आल्यासारखा दिसतो. एखाद्याचा हात चार बोटे हलला तरी बिंग फुटते. कॅमेरा हाताने फिरवावा लागे, तो तिवईवर जरासुद्धा सरकून चालत नसे. दुसरी युक्ती दुहेरी चित्रणाची. चौकटीचा एक भाग काळा ठेवून चित्रण करायचे, तीच फिल्म मागे गुंडाळायची आणि त्या काळ्या भागात दुसरे चित्र घ्यायचे. रंगमंचावर काळ्या मखमलीपुढे काळे कपडे घातलेला साहाय्यक दिसत नाही, ही जादूगारांची जुनी विद्या. काळे ते प्रेक्षकाला दिसत नाही आणि फिल्मलाही दिसत नाही.

हे शोध एकट्या फाळक्यांचे नव्हते. पॅरिसमध्ये जॉर्ज मेलिएस या जादूगाराने रॉबेर-उदाँचे थिएटर १८८८ मध्ये विकत घेतले होते. १८९५ च्या डिसेंबरात ल्युमिएर बंधूंचा चलत्चित्रांचा खेळ पाहून तो सिनेमाकडे वळला आणि पुढच्याच वर्षी त्याने खुर्चीवरची बाई अदृश्य करून दाखवली. ज्या जादूगाराच्या नावावरून हुडिनी नाव आले, त्याच्याच थिएटरात चमत्कार-चित्रपट जन्मले. आरंभीचे कितीतरी चित्रपटवाले मूळचे जादूगार होते. यंत्र नवे होते आणि ते कशासाठी वापरायचे हे त्यांनाच आधी सुचले.

१९१३ मध्येच फाळक्यांनी बिऱ्हाड आणि स्टुडिओ नाशिकला हलवला. मोठ्या पौराणिक चित्रांबरोबर ते लहान-लहान गमतीची चित्रे करत. ‘आगकाड्यांची मौज’मध्ये काड्या आपोआप हलून आकार धरत. ‘लक्ष्मीचा गालिचा’मध्ये नाणी नाचत. ‘प्रोफेसर केळफाची जादू’ हा तर स्वतः फाळक्यांनी कॅमेऱ्यासमोर केलेल्या जादूचाच लघुपट. कॅमेऱ्यापुढे हातचलाखी करणे हा खरे तर तोट्याचा व्यवहार आहे, कारण प्रेक्षकाला वाटते की कॅमेऱ्यानेच काहीतरी केले असेल. फाळक्यांनी तो तोटा पत्करून आपले जुने नाव फिल्मवर उमटवून ठेवले.

याच अडचणीत हुडिनी सापडला. १९१८ पासून तोही चित्रपटांत उतरला, स्वतःची कंपनी काढली, ‘द ग्रिम गेम’, ‘द मॅन फ्रॉम बियाँड’ अशी चित्रे केली आणि १९२३ नंतर नाद सोडला. त्याची सारी पुण्याई प्रेक्षकाच्या एका विश्वासावर उभी होती. समोरचा माणूस खरोखर बांधलेला आहे आणि चुकला तर खरोखर मरेल, हा तो विश्वास. पडद्यावर साखळदंड तुटले तर कोणाला धाप लागत नाही. फाळक्यांपुढे उलट परिस्थिती होती. त्यांचा नट देव होता. देवाच्या बेड्या तुटतात हे प्रेक्षक घरूनच ठरवून आलेला असे. त्याला पुरावा नको होता, दर्शन हवे होते. मारुतीने उडी मारली, शेपटीने लंका पेटली की थिएटरात जयजयकार होई. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता दोन्ही साळुंकेच होते. हेदेखील लोकांना खटकले नाही. पडद्यावर राम आला की लोक पायातली पायताणे काढून हात जोडत. गल्ल्यातली नाणी पोत्यांत भरून बैलगाडीने न्यावी लागली, असे त्या चित्रपटाबद्दल सांगतात.

१९१८ मध्ये हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी निघाली आणि ‘श्रीकृष्णजन्म’ आला. त्यात भेदरलेल्या कंसाला आपलेच डोके धडावेगळे होऊन वर जाताना आणि पुन्हा येऊन बसताना दिसते. मुंडके उडवण्याचा खेळ जादूगार पूर्वीपासून करत होते. फाळक्यांनी तो कंसाच्या मनातल्या भीतीचे चित्र म्हणून वापरला आणि येथे जादू नुसती करामत राहिली नाही. त्यांच्या उरलेल्या चित्रांतली सर्वांत चांगली जागा हीच, असे मत द्यायला हरकत नाही.

दुसऱ्या वर्षीच्या ‘कालियामर्दन’ची सुरुवात तितकीच विलक्षण आहे. कृष्ण झालेली होती फाळक्यांची मुलगी मंदाकिनी, सात वर्षांची. कथा सुरू होण्याआधी पडद्यावर फक्त तिचा चेहरा दिसतो. ती हसते, रुसते, डोळे वटारते, लाजते. ही एक मुलगी आहे आणि ती आता सोंग घेणार आहे, हे प्रेक्षकाला आधी सांगून टाकलेले असते. जादूगार खेळाआधी बाह्या वर सारतो, दोन्ही तळवे उलटसुलट करून दाखवतो. पाहा, हातात काही नाही. त्यानंतर तीच मुलगी यमुनेत उडी घेते, नागाच्या विळख्यातून सुटते आणि फण्यावर नाचते, तेव्हा लोकांना ती कृष्णच वाटते.

पुढची वर्षे उताराची. कंपनीतील भागीदारांशी मतभेद होऊन फाळके काशीला निघून गेले, तेथे ‘रंगभूमी’ हे नाटक लिहिले आणि काही वर्षांनी परतले. बोलपट आल्यावर त्यांच्या विद्येचा भाव उतरला. १९३२ चा ‘सेतुबंधन’ मुका निघाला आणि त्याला मागाहून आवाज जोडावा लागला. कोल्हापूर सिनेटोनसाठी केलेला ‘गंगावतरण’ (१९३७) हा त्यांचा एकमेव खरा बोलपट आणि अखेरचा चित्रपट. नाशिकमध्ये १६ फेब्रुवारी १९४४ रोजी त्यांचे निधन झाले. हुडिनी १९२६ मध्येच, पोटात झालेल्या संसर्गाने, बावन्नाव्या वर्षी गेला होता.

फाळक्यांनी सुमारे ९५ चित्रपट आणि २६ लघुपट केले असे मानतात. त्यांपैकी फारच थोडे, तेही बहुतेक तुकड्यांत, पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयामुळे आज पाहायला मिळतात. ‘चित्रपट कसे तयार करतात’ या १९१७ च्या लघुपटाचा काही भाग त्यांत आहे. मुंबई-आग्रा रस्त्यावर नाशिकजवळ पांडवलेण्याच्या पायथ्याशी फाळके स्मारक लागते. तेथे जाण्याआधी हा तुकडा जरूर पाहावा. त्यात केळफा स्वतः दिसतात, नटांना शिकवताना आणि फिल्म तपासताना. खेळ झाल्यावर त्याचे गुपित उघडून दाखवणारा जादूगार त्या काळात दुसरा सापडणे कठीण.